बुवांच्या व्हिलातली शिट्टी

बावीस वर्षं मी मस्कतमध्ये लोकांच्या खोल्या थंड केल्या. दारावरची बेल वाजवली की आतून आवाज यायचा, "एसीवाला आलाय!" गावडे हे नाव फक्त पासपोर्टवर आणि कंपनीच्या जॉब कार्डावर. कुडाळच्या पुढे आमचं गाव, तिथे मला चार पिढ्यांनिशी ओळखणारी माणसं. मस्कतला मी म्हणजे एक शिडी, एक टूल-बॅग आणि पायातले बूट बाहेर काढून आत येणारा माणूस. सुरुवातीला राग यायचा. मग त्याचीही सवय झाली.

लोकांना वाटतं एसी म्हणजे गॅस. थंड होत नाही? गॅस भरा! अहो, दहातल्या आठ कम्प्लेंटींत गॅसचा काही संबंध नसतो. धूळ असते, फिल्टर तुंबलेला असतो, नाहीतर बाहेरच्या युनिटवर कबुतराने संसार थाटलेला असतो. माझं अर्धं काम कानांनी चालायचं. दारातून आत शिरेपर्यंत मला आजार कळलेला असे. बेअरिंग गेलेलं असलं की बारीक रडका आवाज येतो. पंख्याचं पातं सुटलं की टक-टक होते. कॉम्प्रेसर म्हातारा झाला की चालू होताना कण्हतो. आमचा मल्याळी फोरमन म्हणायचा, "गावडे को भेजो, वो सुन के बताएगा." एवढी एकच गोष्ट होती ज्याबद्दल मी थोडा ताठ चालायचो.

आता धंद्यातलं एक गुपित सांगतो. आता निवृत्त झालोय, कोण काय करणार आहे माझं! काही गिऱ्हाइकांच्या मशीनमध्ये काहीच बिघाड नसतो. निझवा गावात एक वयस्कर दुकानदार होता, खजूर आणि हलव्याचा व्यापारी. त्याला एसीतून बकऱ्यांचा वास यायचा. दुकानाच्या मागे बकऱ्यांचा बाजार भरायचा हे त्याला सांगून उपयोग नव्हता. मी झाकण काढलं, फिल्टर धुतला, पेचकसाने एक स्क्रू सैल केला नि तोच परत घट्ट केला, झाकण लावलं. अर्बाबाने, म्हणजे त्या शेठने, नाक वर करून वास घेतला. "खलास! गेला वास," म्हणाला, आणि मला हातभर लांब खजुराचं पुडकं बांधून दिलं. याला आम्ही समाधानाची सर्व्हिस म्हणायचो. जॉब कार्डावर 'चेक करून दुरुस्त केले' असं लिहायचं. 'काही बिघाड नाही' असं लिहिलं तर गिऱ्हाईक ऑफिसला फोन करतं की माणूस कामाचा नाही, दुसरा पाठवा. कोणालाही विचारा, ही युक्ती प्रत्येक मेकॅनिकने वापरलेली असते. मी तर त्यात उस्ताद होतो.

नव्वदच्या दशकाच्या मध्याला मस्कतच्या बौशर भागातल्या एका व्हिलावरून कम्प्लेंट आली. आवाज. थंडाव्याबद्दल काही नाही, फक्त आवाज. दार उघडलं ते सत्तरीकडे झुकलेल्या एका गोऱ्या माणसाने. अंगात बनियन, गळ्यात दोरीला स्टॉपवॉच, हातात पेन्सिल. त्यांनी मला हाताला धरून आत नेलं आणि खोलीच्या मधोमध उभं केलं. ओठांवर बोट ठेवून म्हणाले, "ऐक."

मी ऐकलं. समोरच्या जाळीचा एक कोपरा सुटून थरथरत होता. मी शिडी न लावता खुर्चीवर चढून बोटाने जाळी दाबली, आवाज थांबला. म्हातारा हसला. कोपऱ्यातल्या पियानोकडे जाऊन त्याने एक पट्टी दाबली. नेमका तोच आवाज, जाळीचा! मग मी बोट काढलं, त्याने पट्टी दाबली, दोन्ही एकत्र वाजले. आम्ही दोघंही पोरांसारखे हसलो. मस्कतला आल्यापासून कामावर असताना मी त्याआधी कधी हसल्याचं मला आठवत नाही.

त्यांचं नाव थानासिस, देश ग्रीस, धंदा सिनेमाला संगीत देण्याचा. आमच्याकडे भजनात पेटी वाजवतो, चाल लावतो, तो बुवा. मी मनातल्या मनात त्यांना बुवा म्हणू लागलो आणि एकदा तोंडातूनही गेलं. अर्थ सांगितला तर खूश झाले. त्यानंतर फोनवरसुद्धा म्हणायचे, "गावडे, बुवा बोलतोय." आमचं सगळं बोलणं मोडक्या इंग्रजीत, त्यांचं एका बाजूने मोडलेलं, माझं दुसऱ्या.

सिनेमाचं संगीत कसं होतं ते मी त्या व्हिलात पाहिलं. टीव्हीवर व्हिडिओ कॅसेट लावलेली असायची, चित्र सगळं असायचं पण गाणं-बाजा काही नाही. कोपऱ्यात सेकंद पळताना दिसायचे. एक म्हातारा खलाशी होडीतून उतरतो, वाळूवर चालतो, घराच्या दारापाशी थांबतो. सत्तेचाळीस सेकंद. त्या सत्तेचाळीस सेकंदांत संगीत कुठे सुरू करायचं, पाऊल वाळूवर पडतं तिथे की दार दिसतं तिथे, यावर बुवा दोन-दोन दिवस घालवत. कॅसेट मागे न्यायची, स्टॉपवॉच दाबायचं, पियानोवर वाजवायचं, डोकं हलवायचं, खोडायचं. मी एकदा म्हटलं, "सर, बघणाऱ्याला एवढं कळतं का?" तर म्हणाले, "कळू नयेच. तुझं मशीन चांगलं चाललं तर कोणी वर बघतं का?"

सिनेमा त्यांच्या जुन्या मित्राचा होता. शूटिंग सूर नावाच्या बंदरगावाच्या किनाऱ्यावर झालं, मग सगळी मंडळी अथेन्सला परत गेली आणि बुवा मागे राहिले. समुद्राजवळ राहून लिहितो म्हणाले. खरं कारण मला नंतर कळलं. तिकडे घरी कोणी नव्हतं. बायको वारलेली, मुलगी ऑस्ट्रेलियात. चाळीसएक सिनेमे केलेले; पण नवे लोक यंत्रावर एका दिवसात संगीत करून द्यायचे, त्यामुळे बरीच वर्षं कोणी बोलावलंच नव्हतं. या मित्राने बोलावलं. हे शेवटचं काम, एवढं नीट झालं की झालं, असं ते मला दर भेटीत सांगायचे.

बौशरची ती गल्ली दुपारी इतकी सुनसान असायची की मला तिथे गाडीचं दार आपटायलाही संकोच वाटायचा. बुवा एकटे, मीही एकटाच. माझी बायको सुलभा शेजाऱ्यांच्या फोनवर आठवड्यातून एकदा विचारायची, "जेवलात काय?" आणि मी "होय, सगळा बरा आसा" म्हणायचो, मग माझं फोनकार्ड संपायचं. बुवांकडे गेलो की कॉफी मिळायची आणि कोणीतरी मला विचारायचं की आज काय ऐकलंस. वादी कबीरच्या शाळेतल्या बिघडलेल्या मशीनचा आवाज मी तोंडाने काढून दाखवायचो, ते पियानोवर सूर शोधायचे. असा शौक लागला होता आम्हाला!

जाळीनंतर महिन्याभराने त्यांचा फोन आला. आता बारीक शिट्टी वाजते म्हणाले, सतत. मी गेलो. उभा राहून ऐकलं. मशीनचा साधा घरघराट, बाकी काही नाही. कान लावला, कव्हर काढलं, बाहेरच्या युनिटपाशी जाऊन बसलो. काही नाही.

"येतेय ना ऐकू?" बुवांनी विचारलं.

इथे मी चुकलो. "नाही" म्हणायला जीभच उचलेना. या माणसाने माझ्या कानांना मान दिला होता. त्यांना ऐकू येतंय आणि मला येत नाही, हे कबूल करायचं? माझीच लाज वाटली मला. मी म्हटलं, "हो हो, येतेय. बारीक आहे." चढलो, फिल्टर धुतला, स्क्रू सैल केला, घट्ट केला, झाकण लावलं. बुवा डोळे मिटून उभे राहिले. "कमी झाली," म्हणाले. "ब्राव्हो, गावडे!"

पुढच्या महिन्यात परत. तीच शिट्टी, तोच स्क्रू, तोच ब्राव्हो. त्याच्या पुढच्या महिन्यात परत. तिसऱ्या वेळी तर मी पंख्याला तेल घालून दाखवलं, ज्याची काही गरज नव्हती. प्रत्येक वेळी जॉब कार्डावर त्यांनी सही केली. गाडीत बसल्यावर मला वाटायचं, म्हाताऱ्याला भास होतात, एकटा राहून राहून झालंय. माझं काय जातं, त्यांना बरं वाटतंय ना?

मग एका सकाळी त्या भागात विजेचं काम निघालं. मी पोचलो तेव्हा सगळ्या गल्लीतला करंट बंद होता. एसी नाही, फ्रिज नाही, शेजारच्यांची युनिटं नाहीत. एवढी शांतता मी मस्कतमध्ये कधी ऐकली नव्हती. बुवा घामाने भिजून पायरीवर बसले होते.

"बघ," ते वैतागून म्हणाले, "मशीन बंद आहे तरी तुझी शिट्टी चालूच!"

बोलून झालं आणि ते स्वतःच थांबले. माझ्याकडे बघत राहिले. मी मान हलवली, मला नाही ऐकू येत म्हणून. त्यांनी डाव्या कानावर हात ठेवला, काढला, परत ठेवला. मग उजव्यावर ठेवला. बराच वेळ असं चाललं होतं.

"माझे वडील स्पंज काढायला समुद्रात बुडी मारायचे," ते म्हणाले. "आमच्या बेटावरचे निम्मे पुरुष बहिरे. खोल पाण्याने कान जातात. वडील होडीच्या फळीवर तळहात ठेवून माझं वाजवणं ऐकायचे. मी त्यांना घाबरायचो, गावडे. मारतील म्हणून नाही. असा होईन म्हणून."

मी त्याच दिवशी त्यांना रुवीतल्या कानाच्या डॉक्टरकडे घेऊन गेलो. डॉक्टर आपल्याकडचाच, तरुण, शांत. त्याने हेडफोन लावून तपासलं, कागदावर रेघा काढल्या. डाव्या कानाची रेघ घसरत पार खाली गेली होती. उजव्याची अर्ध्यावर होती.

"ही शिट्टी कधीपासून?" त्याने विचारलं.

"दोन-तीन आठवडे," बुवा म्हणाले. "त्याआधीची मशीनमध्ये होती. या माणसाने तीन वेळा काढली ती." आणि माझ्या खांद्यावर थाप मारली.

डॉक्टरने माझ्याकडे पाहिलं. मी भिंतीवरच्या कानाच्या चित्राकडे पाहत होतो. चित्रातला कान माणसाच्या डोक्याएवढा होता.

"तीन आठवडेच असतील तर आशा आहे," डॉक्टर म्हणाला. "दोन-तीन महिने झाले असते तर फार काही करता आलं नसतं. या दुखण्यात सुरुवातीचे दिवसच महत्त्वाचे." त्याने गोळ्या लिहून दिल्या आणि सहा आठवड्यांनी बोलावलं.

त्या खोलीत मी तोंड उघडायला हवं होतं. डॉक्टर, तीन महिने होत आलेत, मशीनमध्ये कधीच काही नव्हतं. एवढंच वाक्य होतं, आणि ते माझ्या तोंडून निघालं नाही.

खोलीवर आल्यावर मी हे बस्त्यावला सांगितलं. बस्त्याव वसईचा, हॉटेलच्या लाँड्रीत कामाला, माझा खोलीतला सोबती. इस्त्री करता करता त्याने सगळं ऐकून घेतलं. म्हणाला, "हे मला सांगून काय फायदा रे? मी काय फादर आहे? ज्याचा कान गेला त्याला सांग."

"सांगतो," म्हटलं. "योग्य वेळ बघून."

"वेळ बघूनच तर एवढं झालं," बस्त्याव म्हणाला आणि शर्ट उलटा केला.

बुवांनी अथेन्सला मित्राला कळवलं की थोडं थांबा. मित्र म्हणाला, इथे ये, इथले डॉक्टर दाखवू. बुवा म्हणाले, इथल्याने आशा दिलीय, मी हललो तर उपचार मोडेल. हे त्यांनी मला मोठ्या उत्साहाने सांगितलं. गोळ्यांचं वेळापत्रक पियानोवर चिकटवलेलं होतं. मी त्या कागदाकडे पाठ करून कॉफी प्यायचो.

पण सिनेमा संपवायचा होता. खालचे सूर बुवांना ऐकू येत, वरचे येत नव्हते. पट्टी दाबली की फक्त लाकडाचा ठोका. मग ते मला म्हणाले, "शुक्रवारी सुट्टी असते ना? ये. तू माझे कान हो." मी दर शुक्रवारी सकाळी जाऊ लागलो. पियानोच्या शेजारी स्टूल टाकून बसायचो. मला सा-रे-ग-मसुद्धा धड येत नाही, पण आवाज बरोबर की बिघडलेला एवढं कळतं. ते आधी खालच्या बाजूला चाल वाजवून दाखवायचे, मग तीच वरच्या बाजूला, आणि माझ्या तोंडाकडे बघायचे.

शेवटच्या सत्तेचाळीस सेकंदांची चाल सगळी वरच्या सुरांत होती. खलाशी दाराशी थांबतो, तिथली. बुवांनी ती डोळे मिटून वाजवली. वाजवताना त्यांचा चेहरा असा झाला होता की मला बघवेना. संपल्यावर म्हणाले, "कशी झाली?"

मधे एक सूर चुकला होता. बोट शेजारच्या पट्टीवर पडलं होतं, साफ कळलं मला. छान झाली म्हणणं किती सोपं होतं! ब्राव्हो मिळाला असता.

"सर, चुकली," मी म्हटलं. "सहावी पट्टी. बोट सरकलं."

त्यांनी परत वाजवली. परत चुकली, या खेपेला दुसरीकडे. मी परत सांगितलं. अकरा वेळा झालं असेल. बाराव्या वेळी बरोबर आली आणि मी काही न बोलता फक्त मान हलवली. बुवांनी पियानोचं झाकण लावलं आणि त्यावर कपाळ टेकून रडले. मी स्टुलावर बसून राहिलो. एखाद्या म्हाताऱ्या माणसाला रडताना हात लावावा की नाही हे मला कळत नव्हतं, तरी शेवटी पाठीवर हात ठेवला.

"तू एकटाच माझ्याशी खोटं बोलत नाहीस," ते म्हणाले.

याहून मोठी शिक्षा मला कोर्टानेही दिली नसती. सांगायची वेळ तीच होती. मी उठलो आणि कॉफीचे कप धुवायला आत गेलो.

सहा आठवड्यांनी डॉक्टरने परत रेघा काढल्या. डावी होती तिथेच, उजवी आणखी थोडी खाली. डॉक्टर म्हणाला, "आश्चर्य आहे, तीन आठवड्यांच्या मानाने काहीच फरक नाही." बुवा म्हणाले, "माझ्याच नशिबात नाही." संगीत लिहून झालं होतं, पण अथेन्सला वादकांच्या समोर उभं राहून ते रेकॉर्ड करायचं काम मित्राने दुसऱ्या माणसाकडे दिलं. बुवा शेजारी बसणार होते, फक्त बघायला.

जाण्याच्या दिवशी कंपनीची पिकप मागून घेतली आणि मीच त्यांना सीबच्या विमानतळावर सोडायला निघालो. दुपारची वेळ. एक सुटकेस आणि मांडीवर लिहिलेल्या कागदांची पिशवी. मी ठरवून निघालो होतो, बस्त्यावला तसा शब्द दिला होता. हायवेला लागल्यावर गाडी एका गतीने चालवली, समोर बघत राहिलो आणि बोलायला सुरुवात केली.

सगळं सांगितलं. ती शिट्टी मला कधीच ऐकू आली नव्हती. तीनही वेळा मी एक स्क्रू सैल करून तोच घट्ट केला. पहिल्याच दिवशी खरं बोललो असतो तर तुम्ही तेव्हाच डॉक्टरकडे गेला असतात. डॉक्टरच्या खोलीत मी गप्प बसलो, म्हणून तुम्ही इथे सहा आठवडे फुकट थांबलात. बुवा, माझ्यामुळे झालं हे. माझं मोडकं इंग्रजी त्या दिवशी इतकं सरळ आलं की मलाच नवल वाटलं.

बोलून झालं तेव्हा मी मान वळवून बुवांकडे पाहिलं. ते उजवीकडे खिडकीबाहेर बघत होते, डोंगर संपून समुद्राची पट्टी दिसते तिकडे. तिकडे गाडी चालवणारा डावीकडे बसतो, त्यामुळे माझ्या बाजूला त्यांचा डावा कान होता.

मी पाहतोय हे जाणवून ते वळले. "काही म्हणालास, गावडे?" त्यांनी मोठ्याने विचारलं, हल्ली ते सगळंच मोठ्याने बोलायचे.

मी तोंड उघडलं. तेच सगळं परत, पहिल्यापासून, ओरडून सांगायचं होतं.

"एसी कमी करू का, म्हटलं," मी ओरडलो.

"नको, नको," बुवा म्हणाले आणि माझ्या खांद्यावर थाप मारली. "छान चाललाय. आवाज अजिबात नाही."